कुंडूबाबूंचे बांबू

श्रीपती कुंडू पहिल्यांदा आले ते संदेश मिठाईचा पुडा घेऊन, आणि निभाराणी घाबरली ती त्या पुड्यामुळेच. माणूस शिव्या देत आला असता तर तिनं ओरडून विणकरांची अख्खी आळी गोळा केली असती. पण चपला दाराबाहेर काढून, "बौदी, घोटभर पाणी मिळेल का?" म्हणत, वहिनीचं नातं जोडत आलेल्या माणसाला हाकलायचं तरी काय म्हणून?

पाणी पिऊन झाल्यावर त्यांनी खिशातून किल्ल्या काढल्या आणि अंगणापलीकडच्या पश्चिमेच्या दोन खोल्यांकडे बोट केलं.

"त्या आता माझ्या. पोल्टूनं दिल्या. बुधवारी रजिस्ट्री झाली. तुमच्याशी बोलला असेलच की."

पोल्टू एक अक्षर बोलला नव्हता. पोल्टू म्हणजे परितोष, निभाचा धाकटा दीर. सात वर्षांपासून बायकोपोरांसह सुरतेला, कापडाच्या गिरणीत. थोरला भाऊ आशुतोष, म्हणजे निभाचा नवरा, चार वर्षांपूर्वी गेला. तेव्हापासून बंगालातल्या शांतिपूरच्या त्या घरात निभा आणि तिची वीस वर्षांची लेक मितुल, दोघीच. पूर्वेच्या खोल्यांत राहायचं, मागच्या पडवीत माग चालवायचा. पश्चिमेच्या खोल्या पोल्टूच्या म्हणून झाडून-पुसून ठेवायच्या. वाटणी कधी झाली नव्हती, कुणी मागितलीही नव्हती. पोल्टूच्या बायकोनं लग्नानंतर माशाचं डोकं कुणाच्या पानात वाढायचं यावरून भांडून चूल वेगळी केली होती खरी, पण चुलीचं भांडण घरापर्यंत कधी गेलं नव्हतं.

निभानं सुरतेला फोन लावला. तिला वाटलं, पोल्टू म्हणेल, कोण कुंडू? खोटारडा आहे, हाकलून दे.

"माझा वाटा होता, विकला," पोल्टू म्हणाला. मागं यंत्रांचा खडखडाट चालला होता. "इथं खोली घ्यायचीय मला. किती वर्षं भाड्यानं काढू?"

"अरे, पण परक्याला? मला विचारायचंस तरी."

"तुला काय विचारायचं, बौदी? घर माझ्या बापाचं. मी जन्मलो तिथं. तू तर बाहेरून आलीस."

फोन ठेवल्यावर निभा मागाच्या खड्ड्यात पाय सोडून नुसती बसून राहिली. बाहेरून ती आली होतीच, तीस वर्षांपूर्वी. नव्या नवरीसाठी उंबरठ्यात दूध आणि आळता कालवलेली परात ठेवली होती. तिच्यात पाय बुडवून लाल पावलं उमटवत आत जायचं. एकोणीस वर्षांची निभा परातीत उभी राहिली आणि तिचे पायच उचलेनात. आत कोण माणसं, कशी माणसं! सासू ओरडतेय, बायका हसताहेत. तेव्हा सात वर्षांच्या पोल्टूनं पुढं होऊन तिची करंगळी धरली होती. "ये ना, घाबरू नको. आपलंच घर आहे." त्याच पोल्टूला मांडीवर घेऊन तिनं पुढं टायफॉइडमध्ये महिना काढला. सासू गेल्यावर त्याच्या लग्नात आईच्या जागी तीच उभी राहिली. तो आता म्हणत होता, तू बाहेरची.

आणि भीती अशी, की ते खरं असेल. कागद अजून सासऱ्यांच्या नावावर. निभाचं नाव कुठंच नव्हतं. कुंडूबाबूंकडे निदान शिक्का मारलेला कागद होता. तिच्याकडे काय होतं? तीस वर्षं सारवलेलं अंगण. कोर्टात गेलं तर साहेब पहिला प्रश्न हाच विचारेल, बाई, तुम्ही इथं कोण? आणि तिलाच हात धरून बाहेर काढतील. म्हणून ती कुठंच गेली नाही. हे शहाणपण नव्हे हे कळायला तिला फार दिवस लागले नाहीत, पण तेवढ्यात व्हायचं ते झालं.

चार दिवसांनी पश्चिमेच्या ओसरीवर दोन माणसं येऊन बसली. कुंडूबाबूंनी खोल्यांना कुलपं लावली होती, त्यांची राखण म्हणे. सकाळी येत, दिवसभर पत्ते खेळत, अंगणातल्या हापशावर उघड्या अंगानं आंघोळ करत. एकाचं नाव गुपी, दुसऱ्याला सगळे ढ्यांगा म्हणत, कारण तो लांबुडका होता. ते काही बोलत नसत. मितुल अंगणात आली की पत्ते पिसायचे तेवढे थांबत, आणि ती आत गेली की पुन्हा पिसू लागत. निभा खिडकीआडून हे बघत राही आणि तिच्या हातातला धोटा घसरे. मितुलचं पाणी भरणं तिनं बंद केलं. मग स्वतःचंही संध्याकाळनंतर बंद केलं. आपल्याच अंगणात ती चोरासारखी वावरू लागली.

कुंडूबाबू दर दोन दिवसांनी येत आणि खुशाली विचारत. एका सकाळी ते म्हणाले, "बौदी, तुमची तब्येत उतरलीय हो. काळजी लागली असणार. घरात तरणी मुलगी, आणि माझी माणसं ही अशी अडाणी."

निभानं मान खाली घातली.

"असं करू या का, मधे एक कूड घालून टाकू. तुम्ही तुमच्या बाजूला सुखात, आम्ही आमच्या. बांबू माझे, तट्टे माझे, मजुरीही माझीच. तुम्ही फक्त कुठून कुठवर तेवढं सांगा. तुम्ही सांगाल तिथं."

इतक्या दिवसांत कुणी तिला, तू सांगशील तसं, असं म्हटलं नव्हतं. निभाचे डोळे भरून आले. ती उठली आणि तिनं स्वतः चालून दाखवलं. हापशापासून सुरुवात करा, सरळ या, आणि इथं तुळशीला वळसा घाला, तुळस माझ्याकडे राहू दे. "राहू दे, राहू दे," कुंडूबाबू म्हणाले, "तुळस तुमचीच." गोड बोलून गळा कापणारी माणसं किती मन लावून ऐकतात ते पाहण्यासारखं असतं.

दोन दिवसांत कूड उभा राहिला, पुरुषभर उंचीचा, हिरव्यागार बांबूंचा. शेजारची बिंदूकाकी म्हणाली, बरं केलंस बाई. त्या दुपारी निभा बऱ्याच दिवसांनी दोन तास गाढ झोपली.

दुसऱ्या दिवशी कुंडूबाबू फोटोवाल्याला घेऊन आले. कुडाचे चार फोटो काढले, आणि पाचवा निभाला कुडाशेजारी उभं करून. "आठवण म्हणून," ते म्हणाले.

ते गेल्यावर मितुल म्हणाली, "मा, कुंपणाची कुणी आठवण ठेवतं का?"

"बोलायची पद्धत असते एकेकाची."

"त्यांची पद्धत मला कळली नाही, पण फोटो कोर्टात दाखवायला काढतात एवढं मला कळतं. तू चल. माझ्या मैत्रिणीची मावशी वकील आहे."

निभा गेली ती लेकीनं जवळजवळ ओढत नेली म्हणून. वकीलबाई शिबानी लाहिडी, साठीच्या, तोंडात पान, समोर चहाची तीन रिकामी मातीची भांडी. त्यांनी रजिस्ट्रीची नक्कल वाचली आणि चष्म्यावरून निभाकडे पाहिलं.

"दीरानं निम्मा वाटा विकलाय. कोणता निम्मा ते कुठं आहे ह्यात? पश्चिमेच्या खोल्या कुठं लिहिल्यात?"

"मला वाचायला... म्हणजे, मला काय, मी तर बाहेरचीच."

"कोण म्हणतं?"

"दीर म्हणतो."

"दीर काय, गाढवही ओरडतं. अहो, नवऱ्याचा वाटा तो गेल्यावर तुमचा आणि पोरीचा. तुम्ही कुटुंबातल्या. बाहेरचा तो कुंडू. आता नीट ऐका. घर एकत्र कुटुंबाचं राहतं घर असेल, तर बाहेरच्यानं वाटा घेतला तरी त्याला आत येऊन तुमच्या मांडीला मांडी लावून बसता येत नाही. कायदाच आहे तसा. त्याला फक्त कोर्टात वाटणी मागता येते, आणि ती त्यानं मागितली की त्याचा वाटा कोर्टाच्या किमतीला विकत घ्यायचा पहिला हक्क तुमचा. कळलं?"

निभाला एकदम हलकं वाटलं. मग ती म्हणाली, "भला माणूस आहे पण तो. आमच्या भीतीसाठी मधे कूड घालून दिला."

शिबानीदींचं पान चघळायचं थांबलं.

"कुणी घातला?"

"मीच दाखवलं कुठून कुठवर ते. बांबू त्यांचे."

"आणि फोटो काढले," मितुल म्हणाली.

"अरे देवा," शिबानीदी म्हणाल्या, आणि त्यांनी नक्कल बाजूला सारली. "हे सगळं कधी, तर घर एक असेल तर. नुसती चूल वेगळी झाली म्हणून घर तुटलं, असं कोर्ट मानत नाही. पण मधे कुंपण, दोन्ही बाजूंना दोन संसार, आणि त्या कुंपणाशेजारी घरची बाई हसत उभी! तो म्हणणार, घर कधीचंच वाटलं गेलं होतं, मी वेगळा झालेला भाग घेतलाय, मी कसला बाहेरचा? तुम्ही त्याला तुमच्या हातानं दार उघडून दिलंत, बाई."

आयुष्यात एकदाच तिनं स्वतःला वाचवायला काही केलं होतं, आणि तेच नेमकं गळ्याशी आलं होतं.

"कूड काढा," शिबानीदी म्हणाल्या. "पण लपवायचं काही नाही. कुणी विचारलं तर कधी घातला, का घातला, कुणाच्या बांबूनं, सगळं खरं सांगायचं. आणि एक, तो दीर आला तर जपून. त्यानं वाटा विकला, आता कायद्यानं तोही पाहुणाच. त्याच्या पाठोपाठ कुंडू आत शिरेल."

निभाचा दावा लागला तो दुर्गापूजेच्या सुट्टीआधी शेवटच्या दिवशी. न्यायाधीशांनी मनाईहुकूम लगेच दिला नाही. आधी घर बघून या म्हणून कमिशनर नेमला आणि महिनाभरासाठी कोर्ट बंद झालं. कमिशनर येणार कोजागरीच्या दुसऱ्या दिवशी.

कूड काढायला एक मजूर मिळाला नाही. कुंडूबाबूंचं नाव निघालं की ज्याला त्याला दुसरं काम आठवे. शेवटी मायलेकींनीच कोयता घेतला. पलीकडे गुपी आणि ढ्यांगा पत्ते टाकून उभे राहिले. एकेक तट्टा खाली आला तसं ते दोघं दिसू लागले, आधी डोकी, मग खांदे, मग अख्खे. दोरीऐवजी निभानं आपलंच बोट कापलं. गुपीनं फोन कानाला लावला.

"तोडतायत, बाबू... हो... दोघीच." तो ऐकत राहिला, मग हसला आणि निभाला म्हणाला, "बाबू म्हणाले, तोडू देत. तोडलं म्हणजे होतं हे कबूलच झालं."

बांबू तिनं पश्चिमेच्या ओसरीशी नीट रचून ठेवले. ज्याचे त्याला. त्यानंतर आठ दिवस ती त्या उघड्या अंगणात राहिली. कमिशनरला घर एक दिसायचं तर घर एकच असायला हवं, म्हणून ती पुन्हा हापशावर जाऊ लागली, पूर्वीसारखी पश्चिमेची ओसरीही झाडू लागली. झाडताना गुपीच्या पायांपर्यंत येऊन थांबायची आणि तिथूनच मागं वळायची. मितुल आत मागावर असली की निभा दर दोन मिनिटांनी तिला हाक मारी. मितुल ओ देई. माग चालण्याचा आवाज थांबला की निभाचा श्वासही थांबे.

कोजागरीच्या दुपारी तिनं अंगण सारवलं, जसं दरवर्षी सारवत असे. कुडाच्या खळग्या भरून गेल्या. तांदूळ वाटून पाण्यात कालवले आणि फाटकापासून लक्ष्मीची पावलं काढायला बसली. सासूबाईंचा शिरस्ता असा, की पावलं अंगणात दुभागायची, एक ओळ पूर्वेच्या दाराला, एक पश्चिमेच्या. पोल्टू सुरतेला गेला तरी ती त्याच्या दारापर्यंत पावलं काढीतच आली होती. यंदा ओसरीच्या पायरीशी आल्यावर तिचा हात थांबला. वर ते दोघं बसले होते.

"जरा सरकता का, बाबा?" तिच्या तोंडून आवाज फुटला तो तिलाच परका वाटला. "दारापर्यंत न्यायचीत."

गुपी आणि ढ्यांगानं एकमेकांकडे पाहिलं. ढ्यांगानं आधी चपला काढल्या. ती पुढं सरकत गेली तसे ते मागं सरकत गेले, शेवटी भिंतीला पाठ टेकून टाचांवर उभे राहिले.

"मासीमा, आता पाय कुठं ठेवू?" ढ्यांगा म्हणाला.

"लक्ष्मीआईला तुडवू नको म्हणजे झालं."

दोघं कडेकडेनं, गटारावरून उड्या मारल्यासारखे बाहेर गेले आणि फाटकाबाहेरच्या चहाच्या टपरीवर जाऊन बसले. त्यांच्याही घरी आया होत्या. पण फाटकाबाहेर ते बसलेच होते, आणि त्यांचं हसणं घरात ऐकू येत होतं.

सकाळी कमिशनर आले. बागची आडनावाचे तरुण वकील, बगलेत छत्री, हातात टेप. बरोबर शिबानीदी. मागून कुंडूबाबू, आणि त्यांच्यामागं, सात वर्षांत म्हातारा झाल्यासारखा दिसणारा, पोल्टू.

निभाला वाटलं, आता संपलं. घरचाच माणूस सांगणार, वाटणी झाली होती. त्याच्यापुढं तिचं कोण ऐकणार?

"हे विक्रेते," कुंडूबाबू म्हणाले. "रात्रीच्या गाडीनं मुद्दाम आले. पंधरा वर्षं इथं कूड होता, भाऊ वेगळे राहत होते. हे बघा फोटो. ह्या बाईनं नुकताच तो तोडला."

बागचीबाबूंनी फोटो पाहिले, मग पोल्टूकडे. "पंधरा वर्षं होता?"

"हो," पोल्टू जमिनीकडे बघत म्हणाला.

"चला मग, चालून दाखवा. तुमचंच घर आहे."

खोटं शिकवणारे साल पढवतात, शपथ पढवतात, जागा पढवायची विसरतात. आणि ज्या घरात माणूस जन्मला तिथली जागा त्याला काय पढवायची, असं कुंडूबाबूंना वाटलं असणार. पोल्टूनं चपला काढल्या. पावलांना चुकवत, लहानपणी चालायचा तसा एकेक पाय तोलून टाकत, तो हापशापासून निघाला आणि नाकासमोर सरळ चालत मागच्या भिंतीला जाऊन टेकला.

"तुळस कुणीकडे होती?"

पोल्टूनं वळून पाहिलं. तो आला होता त्या रेघेच्या पश्चिमेला तुळस होती. "आमच्याकडे," तो म्हणाला.

"अरे, नीट आठव..." कुंडूबाबूंनी तोंड उघडलं.

"तुम्ही नाही, ते बोलतायत." बागचीबाबू फोटो पुन्हा पाहत होते. फोटोत कूड तुळशीला वळसा घालून गेला होता आणि तुळस निभाच्या बाजूला होती. "बाई, आता तुम्ही सांगा."

निभा पुढं आली. "कूड मीच घातला. सतरा दिवस होता. बांबू ह्यांचे, ते बघा, अजून हिरवे आहेत. भीती वाटली म्हणून घातला." ती चालत गेली आणि तुळशीपाशी अंगठ्यानं सारवण खरवडलं. खालून भुसभुशीत मातीची खळगी निघाली. वळसा जिथं होता तिथंच.

बागचीबाबूंनी टेप लावली, लिहून घेतलं. मग पोल्टूला विचारलं, "ह्या तुमच्या कोण?"

"बौदी."

"म्हणजे घरातल्या की वेगळ्या?"

पोल्टू त्याच्या दारापर्यंत गेलेल्या पावलांकडे बघत होता.

"घरातलीच," तो म्हणाला.

कुंडूबाबू फाटकातून बाहेर पडले ते कुणाचा निरोप न घेता, आणि जाताना त्यांची चप्पल बरोबर लक्ष्मीच्या एका पावलावर पडली. शिबानीदी निभाच्या कानाशी म्हणाल्या, "रिपोर्ट असा गेला, तर कोर्ट उघडल्यावर तो उंबरठ्याबाहेर. तोवर सांभाळा." मग त्याही गेल्या.

पोल्टू तेवढा राहिला. फाटकाबाहेर, पिशवी हातात धरून. टपरीवर गुपी आणि ढ्यांगा त्याच्याकडे बघत होते. कुंडूबाबू त्याला न्यायला थांबले नव्हते. त्याच्या खोल्यांच्या किल्ल्या कुंडूबाबूंच्या खिशात होत्या.

"बौदी," तो म्हणाला, "आत येऊ?"

त्या घरात जन्मलेल्या कुणीही हे कधी विचारलं नव्हतं. निभाला वाटलं, त्याची करंगळी धरावी, म्हणावं, ये ना, घाबरू नको. शब्द ओठांपर्यंत आले. पण तिची नजर त्याच्या खांद्यावरून टपरीकडे गेली. गुपी त्याच्या पाठोपाठ यायला उठून उभा राहिला होता, फोन कानाला लावून. आत मागाचा आवाज थांबला होता.

"इथंच थांब," ती म्हणाली. "पाणी आणते."

तिनं फाटकाचं दार लोटलं, आतून कडी लावली, आणि मग तांब्या भरायला घेतला.